आधीच मोडून ठेवलेले मन

प्रेम करणाऱ्याने दुःखाची तयारी आधीपासूनच ठेवावी, असे बजावणारी गाणी जगातल्या बहुतेक भाषांत असतील. इंग्रजीत त्या जातीच्या गाण्यांचा विषय निघाला, की ‘लव्ह हर्ट्स’ हे गाणे हमखास आठवते. बूडलो ब्रायंट या अमेरिकी गीतकाराने ते रचले. १९६० साली एव्हरली बंधूंनी ते प्रथम ध्वनिमुद्रित केले आणि १९६१ साली रॉय ऑर्बिसन यांनी गायले. परंतु जगाच्या कानाकोपऱ्यांत ते पोहोचले १९७० च्या दशकाच्या मध्यावर, ‘नाझरेथ’ या स्कॉटलंडच्या रॉक वाद्यवृंदामुळे. डॅन मॅककॅफर्टी या गायकाचा खरखरीत, छातीच्या तळातून ओढून काढल्यासारखा आवाज, संथ लय आणि मागे गिटारचा विलाप, अशा थाटातले हे गाणे १९७६ साली अमेरिकेतील लोकप्रिय गाण्यांच्या यादीत पहिल्या दहांत होते. आज सत्तरी ओलांडलेल्या ज्या वाचकांनी तरुणपणी हौसेने इंग्रजी गाणी ऐकली, त्यांच्यापैकी काहींच्या कानांत ते अजून असेल.

गाण्याचा आशय थोडक्यात असा, की प्रेमाने जखम होते, व्रण राहतात, आणि प्रेमात सुख शोधणारे भाबडे लोक स्वतःचीच फसगत करून घेतात. विरहाचे काव्य आपल्याकडेही उदंड आहे. ज्ञानेश्वरांच्या विराण्यांपासून आपण ते ऐकत आलो आहोत. मात्र विराणीतली विरहिणी वाट पाहत असते. भेट होईल ही आशा तिने सोडलेली नसते. या गाण्यातील माणसाने वाट पाहणेच सोडलेले आहे. दुःख येणारच आहे, तर ते आताच मान्य करून मोकळे व्हावे, अशी त्याची भूमिका दिसते.

आरोग्यविषयक सदरात या गाण्याचे काय काम, असा प्रश्न वाचकांना पडेल. तरुण वयातील प्रेमभंगाच्या तक्रारी घेऊन माझ्यासारख्या सामान्य वैद्यकीय व्यावसायिकाकडे फारसे कोणी येत नाही. येतात ते चाळीस-पन्नास वर्षांचा संसार झालेले वृद्ध. दोघांपैकी एकाला दीर्घ आजार असतो आणि दुसरा त्याची शुश्रूषा करीत असतो. हा दुसरा माणूस पुष्कळदा त्या गाण्यातल्या माणसासारखा वागू लागतो. समोरची व्यक्ती हयात असताना तो तिला मनातून निरोप देऊन बसतो. या अवस्थेविषयी आज लिहायचे आहे, कारण ती घराघरांत असते आणि तिची दखल क्वचितच घेतली जाते.

काही वर्षांपूर्वीची एक हकिकत सांगतो. ओळख पटू नये म्हणून तपशील थोडे बदलले आहेत. व्यापारी जहाजावर मुख्य अभियंता म्हणून निवृत्त झालेले एक गृहस्थ माझ्याकडे नियमित येत. वय शहात्तर. मी त्यांना काका म्हणत असे. ‘लव्ह हर्ट्स’ हे गाणे मी प्रथम लक्षपूर्वक ऐकले ते त्यांच्याच घरी. जहाजावरच्या एकाकी रात्रींत ऐकलेल्या गाण्यांच्या ध्वनिफिती त्यांनी जपून ठेवल्या होत्या. काकूंना पार्किन्सनचा आजार होता. हातांचा कंप, ताठरलेले सांधे, मंदावलेली चाल आणि कुजबुजीइतका क्षीण झालेला आवाज. बुद्धी मात्र शाबूत होती.

काकांची शुश्रूषा आदर्श म्हणावी अशी होती. कोणती गोळी किती वाजता द्यायची याचा तक्ता भिंतीवर, स्नानगृहात धरायला दांडे, पलंगाजवळ घंटी, न्हाणीत न घसरणारी चटई. पार्किन्सनच्या रुग्णाला औषधाची वेळ अर्ध्या तासाने चुकली तरी हालचाल अवघड होते, हे ते नीट जाणून होते. परंतु तपासणीसाठी मी घरी गेलो, की ते काकूंबद्दल बोलत ते भूतकाळात. “तिला गाण्याची आवड होती.” “ती फार छान पुरणपोळ्या करायची.” काकू चार फुटांवर बसून ऐकत असत. 

एके दिवशी काका औषधे आणायला खाली गेले होते. काकूंनी मला हाताने जवळ बोलावले. त्यांचे बोलणे समजण्यासाठी कान अगदी तोंडाशी न्यावा लागे. त्या म्हणाल्या, “डॉक्टर, मी अजून आहे ना? यांनी मला मनातल्या मनात हार घालून ठेवलाय.”

त्या एका वाक्यात जे होते, ते कोणत्याही तपासणीच्या अहवालात मला वाचायला मिळाले नसते.

वैद्यकशास्त्रात या अवस्थेचा उल्लेख प्रथम केला तो एरिक लिंडेमन या मनोविकारतज्ज्ञाने. २८ नोव्हेंबर १९४२ रोजी अमेरिकेतील बॉस्टन शहरात ‘कोकोनट ग्रोव्ह’ नावाच्या नाइटक्लबला आग लागून ४९२ माणसे मृत्युमुखी पडली. लिंडेमन यांनी या दुर्घटनेतून वाचलेल्या व आप्त गमावलेल्या लोकांवर उपचार केले आणि १९४४ साली शोकाच्या लक्षणांविषयी एक निबंध प्रसिद्ध केला. पुढच्या पिढ्यांतील डॉक्टरांनी शोकाबद्दल जे शिकले, त्याचा पाया म्हणजे हा निबंध. त्याच्या शेवटी त्यांनी एका वेगळ्या प्रकाराची नोंद केली आहे. युद्धकाळ होता. आघाडीवर गेलेला नवरा परत येणार नाही या भीतीने काही स्त्रिया तो जिवंत असतानाच शोकाच्या सर्व पायऱ्या चढून जात. असाच एक सैनिक सुखरूप घरी परतला, तेव्हा पत्नीचे आपल्यावर प्रेम उरलेले नाही असे त्याला आढळले. तिने घटस्फोट मागितला. तिचा शोक इतका पूर्ण झाला होता, की परतलेल्या माणसासाठी तिच्या मनात जागाच राहिली नव्हती.

या अवस्थेला आपण पूर्वशोक म्हणू. पूर्वशोक हा आजार नव्हे. ज्याच्या घरी दीर्घ आजार आहे, त्याला भविष्याची भीती वाटणे, रात्री जाग येऊन आपण एकटे पडल्याचे चित्र डोळ्यांसमोर येणे, हे स्वाभाविक आहे. ‘मन चिंती ते वैरी न चिंती’ ही म्हण आपल्या पूर्वजांनी अनुभवातूनच केली असणार. स्मृतिभ्रंशासारख्या आजारात तर माणूस थोडा थोडा करून दूर जातो. त्याची शुश्रूषा करणाऱ्याला रोजच काहीतरी गमवावे लागते. असे दुःख वाटणाऱ्याने स्वतःला अपराधी समजू नये. जिवंत माणसासाठी रडू आले म्हणजे आपण त्याचे मरण चिंतिले, असा अर्थ होत नाही.

अडचण पुढे आहे. आज थोडे दुःख भोगून ठेवले, तर उद्याचे दुःख तेवढे कमी होईल, असा एक हिशेब माणसाच्या मनात नकळत मांडला जातो. जणू दुःख म्हणजे कर्जाचे हप्ते आहेत आणि आगाऊ भरले की व्याज वाचते. शुश्रूषा करणाऱ्यांचा जो अभ्यास आजवर झाला आहे, तो या हिशेबाला दुजोरा देत नाही. रुग्णाच्या हयातीत ज्यांचा शोक तीव्र होता, त्यांचा मृत्यूनंतरचा शोक हलका होण्याऐवजी बहुधा अधिक जड व अधिक लांबलेला आढळला आहे. याउलट, ज्यांना आजाराची पुरेशी माहिती होती, ज्यांनी डॉक्टरांशी व रुग्णाशी मोकळेपणाने बोलून व्यवस्था लावली होती, ते पुढे तुलनेने लवकर सावरले. म्हणजे शोक आणि तयारी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिली केल्याने दुसरी आपोआप होत नाही.

काकांशी मी याविषयी बोललो, तेव्हा काकूंचे वाक्य त्यांना सांगितले नाही. ते तिचे होते. सांगायचे तर तिने सांगावे. मी एवढेच म्हणालो, “काका, तुम्ही काकूंशी हल्ली कमी बोलता असं वाटतं.”

त्यांनी शांतपणे उत्तर दिले, “डॉक्टर, जहाजावर पंप बंद पडायच्या आधी त्याचा सुटा भाग मागवून ठेवावा लागतो. भर समुद्रात दुकान नसतं. मी मनाची तयारी करून ठेवतोय.”

“सुटा भाग जरूर मागवावा,” मी म्हणालो, “पण तो आला म्हणून चालू पंप बंद करून ठेवत होतात का?”

ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, “नाही. चालू पंपावर तर नेहमीची पाळी असते. दर तासाला जाऊन हात लावून बघायचं.”

पुढच्या भेटीत त्यांनी दोन गोष्टी केल्याचे सांगितले. एक म्हणजे, दुपारी चार ते पाच ही वेळ त्यांनी ‘पाळी’ म्हणून ठरवली. त्या तासात औषध नाही, व्यायाम नाही, तक्ता नाही. काकूंच्या शेजारी बसून चहा प्यायचा, वर्तमानपत्र मोठ्याने वाचायचे आणि त्या जे काही कुजबुजतील ते ऐकायचे. दुसरे म्हणजे, रखडलेली कागदपत्रे त्यांनी दोघांच्या संमतीने पूर्ण केली. त्यांत बँकेतील नामनिर्देशन होते, मृत्युपत्र होते आणि अखेरच्या काळातील उपचारांविषयी दोघांचे लेखी निर्देशही होते.

त्यानंतर आठ महिन्यांनी काकांचे हृदयविकाराने निधन झाले. काकू आज हयात आहेत. मुलीकडे असतात. काकांनी लावून ठेवलेली व्यवस्था काकूंच्या उपयोगी पडली, आणि त्या आठ महिन्यांतल्या दुपारच्या चहाबद्दल त्या अजूनही बोलतात.

शुश्रूषा करणारा आधी जाऊ शकतो, ही शक्यता घरातले कोणी गृहीत धरत नाही. १९९९ साली ‘जामा’ या अमेरिकी वैद्यकीय नियतकालिकात एक अभ्यास प्रसिद्ध झाला. ६६ ते ९६ वर्षे वयाच्या, जोडीदाराबरोबर राहणाऱ्या आठशेहून अधिक व्यक्तींची चार वर्षे पाहणी केली गेली. आजारी जोडीदाराची शुश्रूषा करणाऱ्या आणि त्या कामाचा ताण जाणवणाऱ्या व्यक्तींचा मृत्युदर, शुश्रूषेची जबाबदारी नसलेल्यांपेक्षा ६३ टक्क्यांनी अधिक होता. ज्यांना ताण जाणवत नव्हता, त्यांच्यात अशी ठळक वाढ दिसली नाही. म्हणून रुग्णाला घेऊन येणाऱ्या पत्नीचा वा पतीचा रक्तदाब मी त्याच भेटीत पाहतो. वाचकांनीही आपल्या डॉक्टरांना तसे करण्यास सांगावे. स्वतःच्या गोळ्या विसरणे, स्वतःची तपासणी पुढे ढकलणे, उभ्या उभ्या जेवणे, रात्री चार तास झोप घेऊन महिनोन्‌महिने काढणे, हे त्यागाचे मोजमाप नव्हे. त्याने दोन रुग्ण तयार होतात.

दुःखाने हृदय तुटते, ही कवींची कल्पना आहे असे आम्ही विद्यार्थिदशेत समजत असू. तिच्यात शारीरिक तथ्यही आहे. १९६९ साली ब्रिटनमध्ये एक पाहणी प्रसिद्ध झाली. १९५७ साली पत्नी वारलेल्या, ५५ वर्षे वा त्याहून अधिक वयाच्या ४,४८६ विधुरांची नऊ वर्षे नोंद ठेवली गेली होती. पत्नीच्या मृत्यूनंतरच्या पहिल्या सहा महिन्यांत त्यांच्यापैकी २१३ जण मरण पावले. त्याच वयाच्या विवाहित पुरुषांच्या अपेक्षित प्रमाणापेक्षा ही संख्या ४० टक्क्यांनी जास्त होती. या वाढीव मृत्यूंमध्ये हृदयविकाराचा वाटा मोठा होता. पुढे हे जादा प्रमाण हळूहळू ओसरले. पहिले सहा महिने जपावेत, हा त्यातला बोध आजही लागू आहे.

१९९० च्या सुमारास जपानी डॉक्टरांनी आणखी एका विकाराचे वर्णन केले. तीव्र मानसिक धक्क्यानंतर छातीत दुखू लागते, दम लागतो, हृदयालेखातही बदल दिसतात. परंतु हृदयाच्या रक्तवाहिन्यांत हा प्रकार घडवील असा अडथळा सापडत नाही. हृदयाच्या डाव्या जवनिकेचे टोक फुगून निकामी झालेले असते. तिचा तो आकार अष्टपाद पकडण्याच्या जपानी मडक्यासारखा, अरुंद गळ्याचा व फुगीर पोटाचा दिसतो; म्हणून त्या मडक्याचे ‘ताकोत्सुबो’ हेच नाव विकाराला मिळाले. भावनिक आघाताच्या वेळी रक्तात उसळणाऱ्या अॅड्रिनॅलिनसारख्या द्रव्यांचा त्यात हात असावा, असे मानले जाते. २०१५ साली प्रसिद्ध झालेल्या एका आंतरराष्ट्रीय नोंदणीत अशा १,७५० रुग्णांपैकी सुमारे ९० टक्के स्त्रिया होत्या आणि सरासरी वय ६७ च्या आसपास होते. बहुतेक रुग्णांचे हृदय काही आठवड्यांत पूर्ववत होते. मात्र पहिले काही दिवस धोक्याचे असू शकतात.

ही माहिती सांगण्याचा हेतू घाबरवण्याचा नाही. व्यवहारात तिचा उपयोग एवढाच, की घरात मृत्यू झाला असताना एखाद्या वृद्ध स्त्रीने छातीत दुखत असल्याचे सांगितले, तर “फार रडली म्हणून होतंय” असे म्हणून तिला पाणी देऊन झोपवू नये. ताकोत्सुबो आणि नेहमीचा हृदयविकाराचा झटका यांतला फरक घरी बसून कळत नाही. त्यासाठी हृदयालेख, रक्ततपासणी आणि पुष्कळदा रक्तवाहिन्यांची तपासणी करावी लागते. छातीत दडपण, जबडा वा डाव्या हाताकडे सरकणारी कळ, घाम, दम, भोवळ यांपैकी काहीही असल्यास महाराष्ट्रात १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका मागवावी. घरात विधी चालू आहेत, पाहुणे बसले आहेत, या कारणांनी उशीर करू नये. त्या गडबडीत रक्तदाबाच्या व मधुमेहाच्या गोळ्या हमखास चुकतात. तेरा दिवस त्या वेळेवर देण्याची जबाबदारी घरातील एका नेमक्या व्यक्तीवर सोपवावी.

दुःख आणि नैराश्य यांत भेद कसा करावा, असे मला वारंवार विचारले जाते. दुःख लाटांसारखे येते. आठवण आली की दाटते, नातवंडाने काही बोबडे म्हटले की क्षणभर ओसरते. नैराश्यात ही भरती-ओहोटी थांबते. सलग दोन आठवड्यांहून अधिक काळ जवळजवळ रोज मन उदास राहणे, कशातच रस न वाटणे, भूक व झोप बिघडणे, आपण कुचकामी आहोत असे वाटत राहणे, ही त्याची लक्षणे. वृद्धांमध्ये ते वेगळ्या वेषात येते. ते “उदास वाटते” असे म्हणत नाहीत. अंग दुखते, पोट साफ होत नाही, विसरायला होते, जेवण नको वाटते, असे सांगतात. यावर परिणामकारक उपचार आहेत आणि ते कोणत्याही वयात लागू पडतात. “आता आपले काय राहिले आहे” किंवा “मीही सुटले तर बरे” असे कोणी बोलू लागले, तर ते म्हातारपणाचे बोलणे समजून सोडून देऊ नये. शांतपणे, सरळ विचारावे, की जीव नकोसा वाटतो का. विचारल्याने तो विचार डोक्यात घातला जातो, ही समजूत खोटी आहे. ‘टेलि-मानस’ या शासकीय सेवेचा १४४१६ हा दूरध्वनी क्रमांक रात्रंदिवस व विनामूल्य उपलब्ध आहे. तातडीचा धोका वाटल्यास त्या व्यक्तीला एकटे ठेवू नये आणि लगेच रुग्णालयात न्यावे.

आता तयारीविषयी. काकांनी केलेल्या लेखी निर्देशांना बोलीभाषेत ‘लिव्हिंग विल’ म्हणतात. आपण बोलण्याच्या स्थितीत नसताना, बरे होण्याची आशा नसताना, केवळ आयुष्य लांबवणारे उपचार करावेत की करू नयेत, हे शुद्धीत असतानाच लिहून ठेवण्याची ही सोय. सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१८ मध्ये तिला मान्यता दिली आणि जानेवारी २०२३ मध्ये तिची पद्धत सोपी केली. दोन साक्षीदारांसमोर सही करून नोटरी वा राजपत्रित अधिकाऱ्याकडून ती साक्षांकित करून घेता येते. आपल्या वतीने निर्णय घेणाऱ्या जवळच्या व्यक्तींची नावे तीत लिहावी लागतात. तिची एक प्रत आपल्या नेहमीच्या डॉक्टरांकडे ठेवावी. मृत्यूविषयी बोलणे अशुभ असते, असे मानणाऱ्या घरांत हा विषय काढणे कठीण जाते, हे मी जाणतो. माझा अनुभव असा, की मुले कचरतात आणि आईवडील त्या संभाषणाची वाट पाहत असतात.

तयारीचे काम एकदा केले, की कागद कपाटात ठेवावेत आणि कपाट बंद करावे. रोज ते उघडून पाहण्याची गरज नसते. 

शुश्रूषा करणाऱ्याच्या बोलण्यातला काळ हा पूर्वशोक ओळखण्याचा एक सोपा मार्ग आहे. आपण जोडीदाराविषयी “होती”, “करायचा”, “आवडायचं” असे बोलू लागलो आहोत का, हे पाहावे. तसे होत असेल, तर वाक्य जाणूनबुजून वर्तमानकाळात आणावे. “तिला गाणी आवडतात.” मग ती लावावीत. वयाच्या साधारण दहा ते तीस या काळातील आठवणी वृद्धपणी सर्वाधिक टवटवीत असतात आणि त्या काळात ऐकलेली गाणीही त्यांच्याबरोबर टिकून राहतात. स्मृतिभ्रंशाच्या अनेक रुग्णांना नावे आठवत नाहीत तेव्हाही ओळखीच्या गाण्यावर ओठ हलतात. पंधरा-वीस मिनिटे पुरेत. श्रवणयंत्र असेल तर ते लावलेले असावे, आवाज बेताचा ठेवावा आणि रुग्णाच्या चेहऱ्याकडे पाहत राहावे. गाणे उदास असले म्हणून वर्ज्य मानू नये. उदास गाण्याने पुष्कळांना आपले कोणीतरी ऐकून घेतल्यासारखे वाटते. अस्वस्थता वाढताना दिसली, तर ते बंद करून दुसरे लावावे. शुश्रूषा करणाऱ्याने मात्र एकच दुःखी गाणे रात्री एकट्याने पुन्हा पुन्हा ऐकत बसण्याची सवय स्वतःला लावून घेऊ नये. त्यात मन मोकळे होण्याऐवजी त्याच खड्ड्याभोवती फिरत राहते.

आरंभी उल्लेखिलेल्या गाण्याच्या जनकाविषयी थोडे सांगणे उचित होईल. प्रेमाने जखमच होते असे लिहिणाऱ्या बूडलो ब्रायंट यांचा स्वतःचा संसार अतिशय सुखाचा झाला. फेलिस या तरुणीशी त्यांची भेट १९४५ साली मिलवॉकी शहरातील एका हॉटेलात झाली. ती तेथे लिफ्ट चालवीत असे. त्यांनी लग्न केले आणि पुढची चार दशके एकत्र बसून गीते लिहिली. १९६७ साली टेनेसी राज्यातील गॅटलिनबर्ग या डोंगराळ गावी राहून हे दांपत्य वार्धक्याविषयीची संथ गाणी लिहीत होते. सतत त्या मंद सुरांत राहून जीव विटला, म्हणून त्यांनी मध्येच सुमारे दहा मिनिटांत एक उडत्या चालीचे, डोंगरांवरचे गाणे लिहून काढले. ‘रॉकी टॉप’ नावाचे ते गाणे १९८२ साली टेनेसीच्या राज्यगीतांपैकी एक ठरले. बूडलो १९८७ साली वारले. फेलिस त्यानंतर सोळा वर्षे जगल्या.

मॅककॅफर्टी यांनी श्वसनमार्गाच्या दीर्घ विकारामुळे २०१३ साली दौऱ्यांवर गाणे थांबवले. पूर्ण कार्यक्रम निभेल इतका दम उरला नव्हता. २०२२ साली ते निवर्तले. आयुष्यभर ज्या दुःखाची आळवणी केली त्याच दाराने हानी आली, असे त्यांच्याही बाबतीत झाले नाही. आपण ज्या दाराकडे पाहत बसतो, तेथूनच दुःख येईल याची खात्री कोणालाच नसते. मग ते दार राखण्यात शेजारच्या माणसाकडे पाठ का करावी?

ब्रायंट दांपत्याने वार्धक्याची गाणी लिहिता लिहिता घेतलेली ती दहा मिनिटांची सुटी शुश्रूषा करणाऱ्या प्रत्येकाने रोज घ्यावी, अशी माझी सूचना आहे. आजाराचे काहीही न बोलता, काहीही न मोजता, आपल्या माणसाजवळ बसावे. घरातील इतरांनीही एक करावे: शुश्रूषा करणाऱ्याला आठवड्यातून निदान चार तास घराबाहेर जाता येईल, अशी पाळी आपसांत ठरवून घ्यावी आणि ती कागदावर लिहून औषधांच्या तक्त्याशेजारी लावावी. तोंडी कबुलीवर राहिलेली पाळी सहसा पाळली जात नाही, हे मी गेली पंचवीस वर्षे पाहत आलो आहे.